पितर मोबाईलमध्ये येत नाहीत

पत्र्याच्या शेडमध्ये चारेकशे माणसं दाटीवाटीनं मांडी घालून बसली होती आणि सगळ्यांच्या नजरा एका जुन्या, फुगीर काचेच्या टीव्हीवर खिळल्या होत्या. टीव्हीला झेंडूचा हार घातलेला. खाली चौरंगावर व्हीसीआर, त्याला हळदीकुंकू, आणि कॅसेट जिथून आत जाते त्या फटीवर तुळशीचं पान. मी आजवर शेकडो व्हीसीआर पाहिले, त्यातले बहुतेक भंगाराच्या ढिगात उताणे पडलेले. कुंकू लागलेला हा पहिलाच.

पितृपक्षातला गुरुवार होता. चाकणच्या अलीकडे, दोन कारखान्यांच्या भिंतींमध्ये उरलेल्या जागेत श्री स्मृतिनाथ महाराजांचा दरबार दर गुरुवारी भरायचा. गुरुवार हा दत्तगुरूंचा वार, असं महाराज सांगत. गुरुवारी एमआयडीसीला सुट्टी असते, हे सांगायची त्यांना गरज पडत नसे.

महाराज पन्नाशीचे. खांद्यापर्यंत केस, पांढरी कफनी, कानाला अडकवलेला बारीक माइक. आवाज मात्र चांगला कमावलेला.

"आत्मा म्हणजे काय, माउली?"

"तरंग!" लोक ओरडले. त्यांचं पाठ झालेलं होतं.

"आणि तरंग साठतो कुठं?"

"फितीवर!"

"चुंबकाच्या फितीवर! आता मला सांगा, तुमच्या मोबाईलमध्ये काय असतं? शून्य आणि एक. नुसतं शून्य आणि एक! त्यात आपला आजा मावेल का? पणजा मावेल का? म्हणून पितर मोबाईलमध्ये येत नाहीत. पितर डिजिटल नाहीत, माउली. पितर मुळात ॲनालॉग आहेत!"

चारशे माना डोलल्या. माझ्या शेजारी गळ्यात कंपनीचं ओळखपत्र घातलेला एक तरुण बसला होता. तो हळूच म्हणाला, "लॉजिक आहे राव."

मला हसू यायला हवं होतं, पण आलं नाही. पंधरा वर्षं मी लोकांना घसा कोरडा होईपर्यंत सांगत आलोय की बाबांनो, जुन्या कॅसेटी फेकू नका. कुणी ऐकलं नाही. या माणसानं दोन वर्षांत त्या माळ्यावरून, पेट्यांतून, दिवाणाच्या खणांतून बाहेर काढायला लावल्या आणि रांगा लावून आणायला लावल्या. खरं बोलून जे जमलं नाही ते त्याला खोटं बोलून जमलं होतं. अशा गोष्टींनी माणूस चिडत नाही, नुसता दमतो.

माझं नाव ज्योतीराम. मी दापोडीत राहतो. चाळीस वर्षांपूर्वी बीडकडून इकडं आलो, एका कंपनीच्या टूलरूममध्ये चिकटलो, आणि सुट्टीच्या दिवशी लग्नांचं व्हिडिओ शूटिंग करू लागलो. 'स्वरूपा व्हिडिओ', मुलीच्या नावानं. आता निवृत्त आहे. घरातल्या दोन खोल्यांपैकी एकीत साडेअकराशे कॅसेटी आहेत. परक्यांची लग्नं, कंपनीच्या गेटवरच्या सभा, बैलगाड्यांच्या शर्यती, कुठल्याशा कॉलनीचा गणपती, कधीच बंद पडलेल्या केबल चॅनलच्या बातम्या. ज्यांची दुसरी प्रत जगात कुठंच नाही, अशाच मी ठेवतो. त्यांची बुरशी पुसायची, त्या हळूहळू चालवून बघायच्या, कॉम्प्युटरवर उतरवून घ्यायच्या, आणि मूळ कॅसेट कोरड्या जागी उभी ठेवायची. बायको पाहुण्यांना सांगते, "आमचे हे दुसऱ्यांची लग्नं सांभाळतात."

गेल्या वर्षभरात मला कॅसेटी मिळेनाशा झाल्या होत्या. माझा नेहमीचा भंगारवाला भिमाजी म्हणाला, "काका, आता कोण देतंय? सगळ्या चाकणच्या महाराजाकडं जातात. तिथं मेलेली माणसं बोलतात म्हणे." म्हणून मी दापोडीहून दोन बस बदलून बघायला आलो होतो.

पद्धत साधी होती. आठ दिवस आधी कॅसेट नेऊन द्यायची. अंबूबाई नावाची एक गोड बोलणारी बाई फॉर्म भरून घ्यायची. पितराचं नाव, तुमचं नातं, वारून किती वर्षं झाली. मग अगदी सहज, चहा देता देता, घरात कोण आजारी आहे, काय दुखतंय, डॉक्टर काय म्हणतात. त्यानंतर आठ दिवस कॅसेटवर अनुष्ठान, आणि गुरुवारी दर्शन. कॅसेट लाल कापडात बांधून परत मिळायची, एका अटीवर. ती दुसऱ्या कुठल्याही मशीनवर लावायची नाही, नाहीतर पितर कोपतात.

तसंही दुसरं मशीन कुणाकडे उरलं होतं? सगळी मेख तिथंच होती. लोकांकडे कॅसेट होती, पण वीस-वीस वर्षं ती कुणी बघितलेली नव्हती. त्यात कोण काय बोललं होतं, हे कुणालाच आठवत नव्हतं. मेलेल्या माणसाचा चेहरा भिंतीवरच्या फोटोमुळे राहतो, आवाज मात्र पहिल्या दोन-चार वर्षांतच जातो.

"आज यशवंतराव येणार!" महाराजांनी पुकारा केला आणि पुढच्या रांगेत सत्तरीच्या एका बाईंनी डोक्यावरचा पदर नीट केला. गावातलं जुनं, मानाचं घर असावं, कारण आजूबाजूच्या बायका त्यांना जागा करून देत होत्या.

कॅसेट आत गेली. पडदा थरथरला. आणि बदामाच्या आकारातून गरगरत एक नाव पुढं आलं. स्वरूपा व्हिडिओ, दापोडी.

मी जागच्या जागी ताठ झालो. ती कॅसेट मीच केलेली होती.

सत्त्याण्णव सालचं लग्न. दारातला मांडव, पिवळे बल्ब, वरमाला. मग मुलाचे वडील कॅमेऱ्यासमोर आले. त्या काळी आम्ही प्रत्येक वडीलधाऱ्याला उभं करून आशीर्वादाचे दोन शब्द बोलायला लावायचो. यशवंतराव फेटा सावरत उभे राहिले, त्यांचे ओठ हलले, आणि शेडमधल्या स्पीकरमधून एक जड, घोगरा आवाज आला.

"शालन... मी तृप्त हाय, शालन. पण अंगाला सुरी लावू दिऊ नको. डाक्टरचं ऐकू नको. अकरा अमावस्या महाराजांचा अंगारा लाव. तुझी गाठ इरघळून जाईल, शालन."

ओठ आणि शब्द जुळत नव्हते, पण ते बघायला कुणाला सवड होती? बाईंनी हंबरडा फोडला. शेडमध्ये जयजयकार झाला. महाराज डोळे मिटून म्हणाले, "अठ्ठावीस वर्षांपूर्वीच्या फितीत आजच्या दुखण्याचा निरोप! विज्ञान याला उत्तर देईल का?"

विज्ञानाचं जाऊ द्या. उत्तर तिथं बसलेला एक रिटायर टूलरूमवाला देऊ शकत होता. त्या कॅसेटवर त्या जागी कुणाचं बोलणंच नव्हतं. सनई होती आणि मागाहून सिनेमातलं पाठवणीचं गाणं होतं. ते मीच घातलं होतं. मांडवातला गोंगाट, भांड्यांचा खणखणाट, जनरेटरची घरघर कुणालाच नको असायची. लोक म्हणायचे, "भाऊ, गाणी टाका." आम्ही टाकायचो. चित्र तसंच ठेवून फक्त आवाज बदलायचं बटण आमच्या मशीनवर असायचं. मी त्या बटणानं पाचशे लग्नांतली माणसं मुकी केली असतील.

तेवढ्यात मागून एक मुलगी उभी राहिली. "आजी, ऊठ! हे सगळं खोटं आहे. घरी चल!"

बायकांनी तिला गप्प केलं. "पोरी, पितरांसमोर असं बोलू नये." महाराज मंद हसले आणि म्हणाले, "नवीन पिढी डिजिटल आहे, तिला क्षमा करा." लोक हसले. मुलगी रडत बाहेर गेली आणि मी तिच्या मागोमाग.

ती गाडीला टेकून उभी होती. नाव तेजस्विनी, पंचविशीची, चाकणच्याच एका कंपनीत क्वालिटीला. शालनबाई तिची आजी. छातीत गाठ सापडली, तुकडा तपासला, कॅन्सर निघाला. अगदी सुरुवातीचा. डॉक्टरीणबाईंनी सांगितलं होतं, लगेच काढली तर आजी बरी होईल, थांबलात तर मी काही सांगू शकत नाही. पुढच्या बुधवारी ऑपरेशन ठरलं होतं.

"आणि आता ती म्हणेल, आबांनी नको सांगितलंय," ती म्हणाली. "अकरा अमावस्या म्हणजे जवळजवळ वर्ष, काका. आजी एकदा नाही म्हणाली की संपलं."

"महाराजाला यात काय मिळतं?"

"आजी पुढं बसली की निम्मं गाव मागं बसतं. तिचा वर्षभराचा नेम म्हणजे त्याची वर्षभराची गर्दी."

मुलगी हुशार होती. मी तिला सांगितलं की ती कॅसेट माझ्या हातची आहे, आणि ती मला एकदा माझ्या मशीनवर लावायला मिळाली तर आवाज कुठून आला ते दाखवता येईल. तिनं शनिवारी यायला सांगितलं.

शनिवारी रिक्षातून दोन जड मशीनं मांडीवर सांभाळत मी त्यांच्या घरी पोचलो. खाली मोठी ओसरी, वर भाड्याच्या खोल्या, कठड्यांवर कंपनीतल्या पोरांचे वाळत घातलेले युनिफॉर्म. तेजस्विनीचे वडील जयसिंग, म्हणजे त्या कॅसेटमधला नवरदेव, दारातच आडवे आले.

"हे बघा काका, आईचं मन मोडायचं नाही. आबा गेल्यावर सोळा वर्षांनी ती त्यांचं बोलणं ऐकून आलीय."

"आणि ऑपरेशन?"

त्यांनी मान खाली घातली. "मला काय कळतंय? डॉक्टर एक सांगतात, वडील एक सांगतात."

"वडील नाही सांगत हो," मी म्हणालो, पण तेवढ्यात शालनबाई बाहेर आल्या. त्यांनी मला निरखून पाहिलं.

"तुमी ते शूटिंगवालं न्हवं? ह्याच्या लग्नात आल्याला? लाईट गेली म्हणून मालकांना दोनदा बोलाया लावलं व्हतं म्हणं तुमी."

मला हे आठवत नव्हतं. त्यांना आठवत होतं.

"मग तुमाला ठावं असंल, भाऊ. त्ये तवा काय बोललं?"

"मला नाही आठवत, आक्का. तुम्ही नव्हता तिथं?"

"मी पंगतीत व्हते. नंतर इचारलं तर म्हणालं, काय न्हाई, आसंच. कॅसेट आली तर तिच्यात तुमचं गानं. लई डाव लावून बघितली. त्वांड हलतंय, आवाज न्हाई." त्या खाली बसल्या. "अठ्ठावीस वर्सं वाटत व्हतं, काय बोललं असतील? परवा आयकाया आलं. अन् नाव घेतलं माजं. अडतीस वर्सांच्या संसारात चारचौघांत कदी नाव घेतलं न्हाई, ते मेल्यावर घेतलं."

मी त्यांना सरळ सांगितलं, "आक्का, ते गाणं मी घातलं. त्या महाराजानं माझं गाणं पुसलं आणि स्वतःच्या माणसाचा आवाज भरला. मी केलं ते लोकांच्या हौसेपायी आणि त्यानं केलं ते तुम्हाला फसवायला, पण बटण दोघांचं एकच."

"आसं कुटं आस्तंय व्हय?"

"दाखवतो."

मी टीव्ही जोडला आणि माझ्याजवळची एक कॅसेट लावली. बैलगाड्यांची शर्यत. शर्यतीचा घाट, धुरळा, बैल उधळलेले, लोक फेटे उडवतायत. ही कॅसेट ज्ञानदेव नावाच्या एका शर्यतवेड्यानं मला दिली होती आणि तिची ही माझीच जादा प्रत होती. ती मी बैलाच्या तोंडाशी थांबवली, माइक तेजस्विनीच्या हातात दिला, आणि ऑडिओ डबचं बटण दाबलं.

"बोल काहीतरी."

ती गोंधळली, मग जाड आवाज काढून म्हणाली, "मला ओव्हरटाइम नको. मला पेंड पाहिजे."

मी कॅसेट मागं घेऊन चालवली. धुरळा तोच, घाट तोच, आणि बैल मान हलवत म्हणाला, "मला ओव्हरटाइम नको. मला पेंड पाहिजे."

जयसिंग खो खो हसले. मग हसता हसता थांबले आणि आईकडे बघू लागले.

शालनबाई हसल्या नव्हत्या. "बैलाला कुनीबी बोलवंल," त्या म्हणाल्या. "माज्या मालकांचं दावा."

"त्यासाठी तुमची कॅसेट लागेल."

"दुसऱ्या मशीनवर लावली तर पितर कोपत्यात."

"तुमचे मालक कोपिष्ट होते का?"

"न्हाई," त्या म्हणाल्या. "कवाच न्हाई." आणि देव्हाऱ्यातून लाल कापड घेऊन आल्या.

मी झाकण उचललं. फितीच्या कडेवर पांढरी बुरशी धरली होती. हातानं रीळ फिरवत, मऊ कापडानं इंच इंच पुसत मला पाऊण तास लागला. या कामाला घाई चालत नाही, फीत एकदा चुरगळली की गेली. तोवर मी त्यांना समजावून सांगितलं. कॅसेटच्या फितीच्या अगदी कडेला एक मिलिमीटरची पट्टी असते आणि साधी मशीनं आवाज तिथं लिहितात. ती पट्टी चित्राला धक्का न लावता पुसता येते, म्हणून तर आम्हाला गाणी घालता यायची आणि महाराजाला निरोप घालता आले. पण हायफाय नावाची थोडी भारी मशीनं तोच आवाज आणखी एका ठिकाणी लिहायची, चित्राच्याच जागेत, चित्राच्या खाली. तो आवाज पुसायचा तर चित्रही पुसावं लागतं. मी शहाण्णव साली दुबईहून आलेल्या एका माणसाकडून असं मशीन घेतलं होतं आणि लग्नाची प्रत त्यावर काढायचो. मग कडेच्या पट्टीवर गाणं घालायचो. गिऱ्हाइकांच्या घरी साधे व्हीसीआर, त्यांना फक्त गाणं ऐकू यायचं. खालचा आवाज तसाच पडून राहायचा, आणि मलाही तेव्हा त्याची काही किंमत नव्हती.

"म्हंजी त्येंचा आवाज हितंच व्हता? इतकी वर्सं घरात?" शालनबाईंनी विचारलं.

"असेल. बुरशीनं खाल्ला नसेल तर."

मी कॅसेट लावली. आधी मशीनचं बटण कडेच्या पट्टीवर ठेवलं. यशवंतराव फेटा सावरत समोर आले आणि तोच जड, घोगरा आवाज बोलला. शालन, सुरी लावू दिऊ नको. शालनबाईंचे हात आपसूक जोडले गेले. मी कॅसेट मागं घेतली, बटण हायफायवर केलं, आणि पुन्हा चालवली.

आधी नुसती खरखर आली. मग एकदम मांडव उभा राहिला. जनरेटर, भांडी, कुणाचं तरी पोर रडतंय, कुणी तरी वाढप्याला हाका मारतंय. आणि त्यातून एक पातळ, काहीसा लाजरा आवाज, जो त्या घोगऱ्या आवाजासारखा अजिबात नव्हता. ओठ आणि शब्द तंतोतंत जुळत होते.

"काय बोलू? चालू हाय का ह्ये?... बरं. जयसिंगा, सूनबाईला नीट वागव. लोकांनी लेक दिलीया आपल्याला." मग मान वळवून, "आन् जयसिंगची आय कुटं हाय? तिला बी हुबी करा की हितं. पंगतीत हाय? आरं, तिचा पाय सुजलाय, तीन दिस झालं. बसवा तिला कुनीतरी. उद्या दवाखान्यात नेतोच, कितीबी न्हाई म्हणूं दे... झालं का? बंद करा, डोळ्यात लाईट जातीया."

पडद्यावर पुढची पाहुणे मंडळी आली. आम्ही कुणीच बटणाला हात लावला नाही.

"ह्ये त्ये हायती," शालनबाई म्हणाल्या. पदर तोंडाला लावून त्या रडल्या, पण शेडमध्ये रडल्या तशा नाही, अगदी आवाज न करता. बऱ्याच वेळानं म्हणाल्या, "जयसिंगची आयच म्हणालं. आन् मी त्या भामट्याच्या 'शालन'ला भुलले."

आणि मग जयसिंगनी टीव्हीसमोर हात जोडले.

"आई! बघितलंस का? आबांनीच सांगितलंय, दवाखान्यात ने! ह्याला म्हणायचं खरा निरोप!"

तेजस्विनीनं माझ्याकडं पाहिलं. तिच्या डोळ्यांत स्पष्ट लिहिलेलं होतं. काका, गप्प बसा. काम झालंय.

आणि झालंच होतं की. शालनबाईंचं मन वळताना चेहऱ्यावर दिसत होतं, मी गप्प राहिलो असतो तर त्या बुधवारी दवाखान्यात गेल्या असत्या. बाईचा जीव वाचत असेल तर दोन शब्द गिळायला काय हरकत आहे? खरंच काय हरकत आहे? मी तो विचार केला, खोटं कशाला सांगू. पण पुढं काय? उद्या आणखी कुणी हायफाय मशीन घेऊन येईल, 'खालचा आवाज' म्हणून आणखी काही ऐकवेल, आणि या घरातली माणसं पुन्हा हात जोडतील. आज मी महाराज झालो असतो, इतकंच. असल्या निरोपांचा सगळा कंटाळा एकदम अंगावर आला. मी बोललो.

"जयसिंगराव, हा निरोप नाही. आक्का, ऐका. ते तुमच्या पायाबद्दल बोलत होते. सत्त्याण्णव साली सुजलेल्या पायाबद्दल. या गाठीची त्यांना काही कल्पना नव्हती आणि असणार तरी कशी? तो आवाज खरा आहे, माया खरी आहे, पण त्यात तुमच्या आजच्या दुखण्याचा सल्ला नाही. उद्या त्या कॅसेटमध्ये ते म्हणाले असते की दवाखान्यात जाऊ नको, तरी तुम्हाला जायलाच हवं होतं."

तेजस्विनीनं कपाळावर हात मारला.

शालनबाईंनी मला विचारलं, "मग मी ऐकू कुनाचं?"

"जिनं तुम्हाला तपासलं तिचं. त्या गाठीला हात लावून बघितलेली, तिचा तुकडा काचेखाली ठेवून बघितलेली ती एकटीच आहे. महाराजानं तुमचा फॉर्म बघितला. मी तुमची कॅसेट बघितली."

बाहेर रस्त्यावरून कंपनीची बस गेली. वरच्या खोल्यांतली पोरं दुसऱ्या शिफ्टला धावत जिना उतरली. शालनबाई आपल्या पायाकडं बघत होत्या.

"काटा निगाला व्हता पायात," त्या म्हणाल्या. "दुसऱ्या दिशी नेलं त्येंनी राजगुरुनगरला. मी जात नव्हते. भ्या वाटायचं मला, चिरा देतील म्हणून." मग माझ्याकडं वळून म्हणाल्या, "खरं सांगू का भाऊ? मराचं भ्या न्हाई. कापाचं भ्या हाय. त्यो मेला भामटा म्हणाला सुरी लावू नको, आन् मला ते ग्वाड लागलं. माजंच भ्या त्येंच्या तोंडानं बोललं, म्हणून मला पटलं."

मी आयुष्यात अंधश्रद्धेवरची पुष्कळ व्याख्यानं ऐकली. एवढं सरळ कुणी बोललेलं मला आठवत नाही.

त्यांनी नातीला हाक मारली. "तेजू, बुधवारी किती वाजता?"

"सकाळी सात," तेजस्विनी म्हणाली. तिचा आवाज फुटला होता. "उपाशीपोटी."

"मग मंगळवारी लवकर जेवीन."

ऑपरेशन ठरल्या दिवशी झालं. गाठ पूर्ण निघाली, पुढचे उपचार चालू आहेत, आणि डॉक्टरीणबाई समाधानी आहेत. महिन्याभरानं शालनबाई मला आणि माझ्या मशीनला घेऊन शेडमध्ये गेल्या आणि पुढच्या रांगेत उभ्या राहून म्हणाल्या, "महाराज, माजी कॅसेट ह्येंच्या मशीनवर लावा." महाराज म्हणाले, पितर कोपतील. "माज्यावर कोपू द्या," त्या म्हणाल्या. महाराजांना तेवढ्यात ध्यान लागलं. साठ-सत्तर माणसं उठून आमच्यामागं बाहेर आली. बाकीची बसून राहिली. जादूटोण्याविरुद्धच्या कायद्याखाली आम्ही तक्रार दिली आहे, जबाब झाले आहेत, शेडला कुलूप आहे. महाराज आता दुसऱ्या जिल्ह्यात फोटोंमधून पितर बोलवतात असं ऐकतो.

ते साठ-सत्तर लोक कॅसेटी घेऊन दापोडीला येतात. मी पुसतो, चालवतो, त्यांच्यासमोर उतरवून देतो. निम्म्यांवर खालचा आवाज नसतोच, साधं मशीन वापरलेलं असतं. तेव्हा सांगावं लागतं की आवाज गेला, परत येणार नाही. लोक दुखावतात, पण निघताना आभार मानतात. ज्यांवर आवाज असतो तिथं बहुतेक माणसं जेवणाबद्दल, पाहुण्यांबद्दल, लाईटबद्दल बोलत असतात. भविष्य कुणीच सांगत नाही.

तुमच्या घरात अशी कॅसेट असेल तर ती जपा, एखाद्या जाणकाराकडून तुमच्या डोळ्यांदेखत उतरवून घ्या, आणि आपल्या माणसाचं बोलणं पोटभर ऐका. रडू आलं तर रडा. पण त्या बोलण्याला आजचे प्रश्न विचारू नका, आणि त्याच्या वतीनं कुणी उत्तर द्यायला आला तर त्याला आधी विचारा की आवाज कुठून येतो ते दाखव. तुमच्या दुखण्यावर इलाज सांगणारं माणूस जिवंत असावं आणि त्यानं तुम्हाला तपासलेलं असावं. माझं मागणं एवढंच आहे.